रिकामी वाघूर

आमच्या सासरी एक नक्षत्र आहे. ते पंचांगात नाही, पाठ्यपुस्तकात नाही, मोबाईलमध्ये तर मुळीच नाही. मी शाळेत विज्ञान शिकवते, त्यामुळे असलं वाक्य लिहिताना माझं मलाच कसंनुसं होतं. पण आहे ते आहे. त्याचं नाव वाघूर.

वाघूर म्हणजे जाळं. दिवसभर रानात चारलेली मेंढरं सांजेला गोळा करायची, चार कोपऱ्यांत मेखा ठोकायच्या, त्यांना हे सुताचं जाळं ताणून बांधायचं आणि मेंढरं आत कोंडायची. माझं सासर ताडकळसजवळच्या एका खेड्यातलं, मेंढरांवर चालणारं. ज्वारी-हरभरा निघाला की रानं मोकळी होतात. मग शिमगा झाला की आमची मंडळी कळप घेऊन बाहेर पडतात, ती मृग तोंडावर येईपर्यंत परतत नाहीत. शेतकरी खतासाठी आपल्या रानात मेंढरं बसवून घेतात. आज हे रान, परवा ते रान, अंथरूण-पांघरूण घोड्यावर, आणि वाघूर मात्र तीच.

तशीच एक वाघूर आभाळात ताणलेली आहे असं आमच्या घरात मानतात. शिमग्याच्या दिवसांत दिवेलागण झाली की मान मागं टाकायची आणि सरळ डोक्यावर बघायचं. एका अंगाला दोन ठळक चांदण्या, शेजारी शेजारी. समोरच्या अंगाला, तिकांड्याच्या म्हणजे मृगातल्या ओळीनं असलेल्या तीन चांदण्यांच्या बाजूला, जरा मंद अशा दोन. या चार मेखा. लांबीच्या दोन्ही बाजूंना बारक्या चांदण्यांच्या ओळी, ते जाळं. मधे लांबट चौकोन, आणि त्या चौकोनात काही नाही.

माझं माहेर सोनपेठचं. आमच्याकडची मेंढरं आज्याच्या काळातच विकली, बापानं शेती केली. आभाळातलं आम्हाला ठाऊक होतं ते एवढंच: म्हातारीची बाज, म्हणजे सप्तर्षी, ती बाज पळवणारे तीन चोर, आणि तिकांडं. बाकीचं मी कॉलेजात शिकले. म्हणून सासरी आल्यावर मी पहिल्याच शिमग्याला शहाणपणा केला. म्हणलं, याला मिथुन रास म्हणतात, त्या दोन ठळक चांदण्या पुनर्वसूतल्या, आणि त्यातली एक तर एकटी दिसते तेवढीच, दुर्बिणीतून बघितलं की चांदण्यांचं अख्खं खटलं निघतं आत. मोबाईलही काढून दाखवला. मोबाईलमध्ये त्या जागी दोन उघडी पोरं हात धरून उभी होती. सासूबाईंनी ते बघितलं आणि पदर तोंडाला लावून इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला.

"आता काय बाई!" म्हणाल्या, "मेंढरांच्या जाग्यावर हे कोण नागडे उभे केलेत?"

मीही मोबाईल बाजूला ठेवला. त्या चार मेखांचं एकमेकींशी काही नातं नाही. एकीवरून निघालेला उजेड साधारण माझ्या वयाचा, दुसरीवरून निघालेला सासऱ्यांच्या आज्याच्या वेळचा. कुणी तिथं जुळी पोरं बघितली, कुणी जाळं बघितलं. शास्त्राच्या लेखी दोन्ही कल्पनाच. मी वर्गात एवढंच सांगते, आणि त्यातल्या त्यात जाळं बरं असंही सांगते, कारण ते निदान दिसतं तरी.

सासऱ्यांना मी मामा म्हणते आणि सासूला आत्या. आमच्याकडं तीच रीत आहे. वाघुरीची गोष्ट आत्यांच्या तोंडची. आभाळात एक मेंढपाळ होता. सगळ्या चांदण्या ही त्याची मेंढरं. तो दिवसभर चारायचा, सांजेला वाघुरीत घालायचा, आणि दाराशी उभी राहून बायको मोजायची. एका सांजेला एक कोकरू कमी भरलं. नवरा दमून पाय पसरून बसलेला. त्यानं बसल्या जागेवरून विचारलं, "समदी आली का?" बायकोला त्याची कीव आली. ती म्हणाली, "आली." मनात म्हणाली, पहाटं मीच जाऊन शोधीन. पहाटेपर्यंत कोकरू कुठल्या कुठं गेलं. तेव्हापासून तो वाघूर ताणून बसलाय, पण एकही मेंढरू आत घालत नाही. आधी ते कोकरू येऊ दे म्हणतो. म्हणून चांदण्या आभाळभर मोकाट आणि वाघूर रिकामी.

ही गोष्ट मी पहिल्यांदा ऐकली तेव्हा मला रागच आला. म्हणलं, "म्हणजे इथंबी खोटं बोलायला बाईच! त्यानं स्वतः उठून मोजलं असतं तर काय पाय झिजले असते का त्याचे?"

"तू शाळंत बोलतीस तेवढं बास हाय," आत्या म्हणाल्या. "इथं भाकरी थाप."

या गोष्टीवरून घरात एक रीत पडलेली आहे. मेंढरं निघायच्या आदल्या सांजेला, घरात जे नवीन असेल त्याला वाघूर दाखवायची. नवीन म्हणजे नवी सून, नाहीतर कळतं झालेलं लेकरू. मामा विचारणार, "इमानानं सांग, कोकरू आत हाय का?" आणि भोवतीचे सगळे मिळून त्या जिवाला चकवणार. ते काय, बारीक, डाव्या अंगाला. दिसंना व्हय? एवढं दिसंना तर मेंढरं कशी राखशील गं? असं करून करून त्याच्या तोंडून "हाय" काढायचं. तो "हाय" म्हणाला की संपलं. सगळे खो खो हसतात, आणि त्या माणसाला जन्मभर मोजणी मिळत नाही. म्हणजे सांजेला वाघुरीच्या तोंडाशी उभं राहून मेंढरं मोजायची आणि "पुरी हायत" असं सांगायचं, तो मान. जो भिडेखातर नसलेलं कोकरू बघतो, तो थकल्यावर नसलेलं मेंढरूही मोजील, असा मामांचा हिशेब. उत्तर काय ते फुटू नये म्हणून कोकराची गोष्ट नवीन माणसाला परीक्षेआधी सांगायची नाही, आणि वाघुरीच्या आत काय आहे आणि काय नाही, हे वर्षभर कुणी तोंडातून काढायचं नाही, हाही त्यातलाच नियम.

माझे यजमान लहानपणी या परीक्षेत आपटले. नुसते आपटले असते तर ठीक होतं. ते म्हणाले होते, "दोन हायत!" आता त्यांचं वय काय, पोट काय, पण परवापरवापर्यंत त्यांनी मेंढरं मोजली की मामा शांतपणे उठून पुन्हा मोजायचे, आणि कुणीतरी मागून म्हणायचंच, "बघा हो, एखादं जास्त भरंल."

माझी पाळी आली तेव्हा मला यातलं काही माहीत नव्हतं. सगळ्या घरानं मला घेरलं. आत्या तर माझी हनुवटी धरून दाखवायला लागल्या. मी पुन्हा पुन्हा बघितलं. मला दिसेना. नवी नवरी, मेली, काय इज्जत राहणार! पण माझा स्वभाव पहिल्यापासून आडमुठा. म्हणलं, "न्हाई दिसत. दिसंना तर काय उगं हो म्हणू का?" जरा जोरातच म्हणलं. मला वाटलं, झालं, आता परत सोनपेठ. तर मामा उठले, माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि आत्यांना म्हणाले, "ही पोरगी इमानदार हाय. हिचं मोजलेलं पुन्यांदा मोजू नका." नोकरीमुळं मला कळपामागं जाता येत नाही. सुट्टीत चार दिवस गेले तर गेले. पण गेले की मोजणी माझी. मला त्याचा फार अभिमान आहे, आणि तो मी लपवत नाही.

यात एक मेख आहे, आणि ती मी शास्त्राची बाई असल्यामुळं मला जास्त कळते. वाघूर सूर्याच्या आणि ग्रहांच्या वाटेवर आहे. गुरूला आभाळाची एक फेरी मारायला बारा वर्षांच्या आसपास लागतात. तो सिंह राशीत गेला की नाशिकला सिंहस्थ भरतो, हे सगळ्यांना माहीत असतं. त्याच्या आधी दोन घरं तो आमच्या वाघुरीत मुक्कामाला असतो, हे फक्त आम्हाला माहीत. एवढा मोठा, पांढराधोप, सगळ्या चांदण्यांना मागं टाकणारा, नेमका जाळ्याच्या मधोमध. त्या साली परीक्षा झाली की आमच्या घरी कोकरू आलं असं म्हणतात, दाराला तोरण बांधतात आणि मेंढरांना गूळ चारतात. पुढच्या साली ते पुन्हा निघून जातं. त्या एका साली खरं उत्तर "हाय" असतं.

हे किती वर्षांनी येतं, हे घरात कुणी मोजलेलं नव्हतं. मी एकदा मामांना बारा वर्षांचं सांगायला गेले तर हसून म्हणाले, "मोजायचं कशाला, बाई? आलं की दिसंल."

यंदाच्या थंडीत ते आलं. मी पौषातच अंगणातून बघितलं आणि मनाशी हसले. लग्नानंतरची माझी ही पहिलीच खेप. नियमाप्रमाणं तोंड बंद ठेवलं. माघात धाकट्या दिराचं लग्न झालं होतं, पूर्णेकडची मुलगी, तोंडानं फटाकडी आणि कामाला वाघीण. ती कळपासोबत कायमची जाणार होती, म्हणजे मोजणीचा खरा उपयोग तिलाच. मला वाटायचं, काय नशीब घेऊन आलीय! हिला फसवणार कसं? मामा विचारणार, ही म्हणणार "हाय", आणि मामा म्हणणार, "व्हय पोरी, यंदा हाय." मला मामांचं ते तोंड बघायचं होतं. त्यासाठी मी शाळेत रजा टाकली.

निघायच्या आदल्या सांजेला आम्ही गावाबाहेरच्या रानात बसलो होतो. वाघूर बांधून झाली होती, मेंढरं आत होती. चुलीवर आत्यांचं कालवण शिजत होतं. पश्चिमेचा तांबूसपणा गेला आणि डोक्यावर एकेक मेख दिसू लागली. गुरू तर सगळ्यांच्या आधीच येऊन बसला होता. दीर आणि यजमान एकमेकांना कोपरानं ढोसत होते. यंदा काय मजा येणार हे त्यांनाही कळलं होतं.

मामा काठी टेकून उभे राहिले. मान वर केली. धाकटीला जवळ बोलावलं, वाघुरीच्या चारी मेखा काठीनं दाखवल्या, अगदी बरोबर दाखवल्या. आयुष्यभर त्याच रानात, त्याच दिवसांत, त्याच वेळेला दाखवत आले होते.

"इमानानं सांग, पोरी. कोकरू आत हाय का?"

"हाय की!" ती म्हणाली. "केवढं मोठं हाय! डोळं दिपायलेत."

मामांचा चेहरा उतरला. नुसता उतरला नाही, कडू झाला. त्यांनी काठी जमिनीवर आपटली.

"ऱ्हाऊ दे," म्हणाले. "आत काय बी न्हाई. हिच्या हातात मोजणी द्यायची न्हाई. मोठं हाय म्हणतीया! लबाडी करावी, पण एवढी?"

कुणी हसलं नाही. दिरानं वर बघितलं, यजमानांनी वर बघितलं, मग सगळ्यांनी मामांकडं बघितलं. त्यांची मान वरच होती. तोंड बरोबर गुरूकडं होतं. आता इतक्या मोठ्या उजेडाखाली उभा राहून माणूस म्हणतो, आत काही नाही.

मग मागचं एकेक जुळायला लागलं. गेल्या वर्षापासून त्यांनी पुढच्या शेळीच्या गळ्यात घंटा बांधली होती. चालताना तिच्या पाठीवर हात असायचा. आम्ही म्हणायचो, म्हाताऱ्याची माया बघा. नुसत्या पावलाच्या आवाजावरून ते माणूस ओळखायचे, त्याचंही आम्हाला कौतुक. आणि आत्या सारख्या त्यांच्या जवळ असायच्या, इकडं खड्डा, तिकडं बांध, अशी त्यांची बडबड चालायची. आम्हाला वाटायचं, आत्यांना बोलायची सवयच आहे.

धाकटीला यातलं काय माहीत! ती भडकली. "मी खोटं बोलले न्हाई," म्हणाली. "माझ्या आईच्यान, ते तिथंच हाय. तुमी समदे बघायलाव की! बोला ना कुणीतरी!" दीर खाली बघायला लागला. नव्या नवरीला पहिल्याच शिमग्याला सासऱ्यानं सगळ्यांसमोर लबाड ठरवलं होतं, आणि आमच्या घरात ते पुसलं जात नाही. माझ्या यजमानांचं अजून पुसलेलं नाही, आणि ते तर लेकरू होते.

मामांना ती शांतता कळली. ते ऐकण्यात पक्के. मग त्यांनी मान खाली घेतली आणि माझ्याकडं वळले. मी बोललेही नव्हते, तरी बरोबर माझ्याकडं.

"तू सांग," म्हणाले. "तू खोटं बोलत न्हाईस. आत हाय का काई?"

आत्यांनी माझं मनगट धरलं. एवढ्या जोरात की बांगडी रुतली. त्या मानेनं नाही नाही म्हणत होत्या, डोळ्यांत पाणी होतं. तेव्हा मला समजलं की मामांच्या डोळ्यांचं त्यांना पहिल्यापासून माहीत होतं. मला त्यांचा राग आला नाही. मला खरंच वाटलं, म्हणावं "न्हाई, मामा." एका शब्दाचं काम. त्यांचा मान राहिला असता, ते पहाटे काठी घेऊन पुढं निघाले असते. लहान होते तेव्हापासून एकही वर्ष न चुकता निघालेला माणूस. पण वाटेत पूर्णेच्या अलीकडं रेल्वेचं फाटक आहे, त्यापुढं नांदेडचा मोठा रस्ता, आणि त्यावर उसाच्या ट्रॅक्टरांची वर्दळ. आणि ही पोरगी माझ्यासमोर उभी होती.

"हाय, मामा," मी म्हणलं. "खरं बोलायलीय ती."

"कुठं?"

"मधोमध."

"मोठं हाय?"

"लय मोठं हाय, मामा. समद्यांत मोठं."

त्यांनी पुन्हा मान वर केली. बराच वेळ बघत राहिले, डोळे मिटून उघडून, मान इकडं तिकडं करून. चुलीवरचं कालवण करपल्याचा वास यायला लागला तरी आत्या उठल्या नाहीत. एवढं वाईट मला माझा बाप गेला तेव्हा वाटलं होतं.

शेवटी त्यांनी हात पुढं केला. धाकटीनंच पुढं होऊन तो आपल्या डोक्यावर घेतला.

"चुकलं माझं, पोरी," म्हणाले. "मोजणी तुझी. कुणी पुन्यांदा मोजायची न्हाई."

ती रडायला लागली. त्यांनी काठी दिराच्या दिशेनं धरली, आणि त्याच्या हातात गेल्यावरच सोडली. मग आत्यांचा खांदा चाचपून धरला आणि रानातच टाकलेल्या बाजेकडं चालायला लागले. जाता जाता, मागं न वळता, रोजच्याच आवाजात म्हणाले, "पहाटं मला उठवू नका."

पहाटे कुणी उठवलं नाही. धाकटीनं वाघुरीच्या तोंडाशी उभं राहून मेंढरं मोजली, घंटेची शेळी पुढं झाली आणि कळप रस्त्याला लागला. मामा तोंडावर घोंगडं ओढून रस्त्याकडं पाठ करून पडले होते. मी उशाशी चहा ठेवला. घंटेचा आवाज पार बंद होईपर्यंत त्यांनी घोंगड्याचा काठ दोन्ही मुठींत धरलेला मला दिसत होता.